सातच्या बातम्यांचा नमस्कार

नवऱ्याचा फोन आला तेव्हा मी ऑफिसमध्ये होते. "अण्णा गेले," तो म्हणाला आणि मी म्हणाले, "सरी," म्हणजे कानडीत 'बरं'. सासरे गेल्याचं कळल्यावर कुणी 'बरं' म्हणतं का? पण मी म्हटलं, आणि लॅपटॉपची वायर नीट गुंडाळून बॅगेत ठेवली. दीड महिना झाला, अजून धड रडलेले नाही.

अण्णा मूळचे निपाणीकडचे, पण चाळीस वर्षं बंगळूरच्या बसवनगुडीत काढलेली. मी पुण्याची, लग्न करून इथे आलेली. संध्याकाळी सातला मराठी बातम्या लागल्या, की देशात-परदेशात काय उलथापालथ झाली असेल ती असो, अण्णा आधी निवेदिकेच्या नमस्काराला हात जोडून खणखणीत उत्तर द्यायचे, "नमस्कार!" दारी आलेल्या माणसाला उत्तर नको का द्यायला, असं त्यांचं म्हणणं. स्वयंपाकघरात अक्कांना, म्हणजे सासूबाईंना, तीच घंटा. "आले हो, आले," म्हणत त्या कॉफी घेऊन बाहेर येत. मग युद्धं, निवडणुका, भूकंप, सगळं कॉफीबरोबर.

एकदा मी घरूनच दिल्लीच्या साहेबांबरोबर मीटिंगमध्ये होते. अण्णांचा नमस्कार थेट तिकडे पोचला. "नमस्ते अंकलजी," साहेब म्हणाले आणि सगळे हसले. माझं डोकंच फिरलं. मीटिंग संपताच तरातरा बाहेर आले नि म्हणाले, "अण्णा, ती बाई तुम्हाला ओळखतसुद्धा नाही!" "ते बी खरंच की," ते एवढंच म्हणाले. त्यानंतर हात जोडायचे, पण आवाज नाही. अक्कांची कॉफी उशिरा यायला लागली, तीही निवलेली... मला सगळं दिसत होतं. म्हणा हो अण्णा खुशाल, एवढंच सांगायचं होतं. उद्या सांगू, परवा सांगू, करता करता राहून गेलं. तीन आठवड्यांत ते गेले.

परवा सातला मीच टीव्ही लावला. अण्णांच्या खुर्चीत बसवेना, म्हणून खाली सतरंजीवर बसले. निवेदिका नमस्कार म्हणाली. काय झालं कुणास ठाऊक, माझे हात जोडले गेले आणि तोंडून मोठ्यांदा निघालं, "नमस्कार."

आतून आवाज आला, "आले हो, आले."

अक्का पेला घेऊन उंबऱ्यापर्यंत आल्या, खुर्चीकडे बघितलं आणि तिथंच उभ्या राहिल्या. मी उठून त्यांच्या हातातला पेला घेतला. कॉफी गरम होती.