नांदेडचे बूट, लातूरच्या विहिरी

लातूरला उतरलो तेव्हा सकाळचे आठ वाजले होते आणि माझं डोकं आधीच तापलेलं होतं. पुण्यात कामगारांच्या बुटांचं दुकान चालवायला लागून तेरा वर्षं झाली होती, पण आपल्या मालाचा जाब द्यायला असं धावत कुठे जावं लागलं नव्हतं. तोंड बघायच्या आधी माणसाचे पाय बघायची मला धंद्याची सवय. बसस्थानकावर सगळीकडे वहाणाच दिसल्या. जाड, रुंद, तेल पिऊन काळ्या पडलेल्या. मी मनात म्हटलं, बुटांची कदर इथल्यांना काय असणार.

लातूर तेव्हा नुकताच वेगळा जिल्हा झाला होता. भाड्याच्या घरांवर सरकारी पाट्या लागल्या होत्या आणि कचेरी कुठली, बिऱ्हाड कुठलं, ते रिक्षावाल्यालाही धड सांगता येत नव्हतं. त्यात दुष्काळ. डाळ मिलच्या भिंतीला लागून घागरींची रांग होती आणि रांगेत घागरीच बसल्या होत्या, माणसं सावलीला. विहिरींचे तळ गाठले म्हणून त्या आणखी खोल करायची कामं निघाली होती. सुरुंग लावायचा, खडक फोडायचा, राडा वर काढायचा. त्या मजुरांसाठी मी वीस जोड बूट पाठवले होते. एका मजुराच्या बुटाचा तळ दोरशिडीवर निसटला आणि तो खाली पडला, एवढंच इंजिनिअरसाहेबांनी ट्रंककॉलवर सांगितलं होतं. पुढचं सगळं ओरडणंच होतं.

आधी सरकारी दवाखान्यात गेलो. पडलेल्या मजुराचा, धोंडिबाचा पाय मांडीपर्यंत प्लास्टरमध्ये होता. त्याची बायको शांताबाई खाटेशेजारी जमिनीवर बसली होती. तिने फडक्यात बांधलेला बूट माझ्यापुढे ठेवला. पुढून टाचेपर्यंत तळ उघडा पडला होता.

"बूट चांगला व्हता साहेब," धोंडिबाच माझी समजूत घालायला लागला. "लई दिस टिकला. त्या दिशी शिडीवर भार दिला, अन् तळ पायाखालून सरकला. पुढं काय झालं ध्यानात न्हाई."

शांताबाई त्याच्याकडे न बघता म्हणाली, "बाकीचे अजून त्याच बुटांनी उतरून राहिले. माझा भाऊ माणिक बी हाय त्यात."

"एखादा नग असा निघतो, बाई," मी म्हणालो. "बाकीचे पक्के आहेत. काळजी करू नका."

अगदी सहज बोललो. दुकानात दिवसातून दहादा बोलतो तसं.

कचेरीत इंजिनिअरसाहेबांनी कपाटातून न वापरलेले चार जोड काढले. मी एकेक बूट गुडघ्यात धरून तळ ओढला. नखभरही हलला नाही. साहेब जरा निवळले. "काम थांबवता येणार नाही," ते म्हणाले. "गावात टँकर तीन दिवसांनी येतो. पण हा माल कानपूरच्या मोठ्या कारखान्यातला नाही, हे मी लिहून देतो. वहाणा होतात इकडे, बूट होत नाहीत. कुणी केलाय त्याचं नाव आणा, काळ्या यादीत घालतो." मी मान डोलावली. बूट नांदेडला केलेत हे मला माहीत होतं आणि ते सांगायचं धाडस माझं झालं नाही. तसा नांदेडचा कारखाना मीही कधी पाहिला नव्हता. छापील कागदावर 'फूटवेअर वर्क्स' असं नाव होतं, त्यावरून मी पत्र्याची शेड, यंत्रांचा खडखडाट, भोंगा असं सगळं स्वतःच उभं केलं होतं.

दुपारच्या एसटीने नांदेडला निघालो. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना नांगरून तशीच पडलेली काळी रानं, आणि त्यात एखादा बैल नुसता उभा. अहमदपूरला गाडी थांबली तेव्हा सुशीला (चुरमुऱ्याचा उपमा) खाल्ला. तिखट होता आणि पाणी अर्धाच पेला मिळालं. आणखी मागितलं तर हॉटेलवाला म्हणाला, "चहा घ्या की." उघडा बूट मांडीवर घेऊन मी नांदेडपर्यंत कारखानदाराला सुनवायची वाक्यं जुळवत राहिलो.

नांदेडला पत्ता शोधत एका गल्लीत शिरलो. पानाच्या टपरीवर विचारलं, "बुटांचा कारखाना कुठं आहे?"

"कारखाना न्हाई. नागोराव हायत," टपरीवाला म्हणाला आणि समोरच्या कडुनिंबाकडे बोट केलं.

कडुनिंबाखाली एक साठीचा माणूस पायांच्या बोटांत कातडं धरून रापीने (कातडं कापायच्या हत्याराने) कापत बसला होता. ओसरीवर त्याची सून पायमशीनवर बुटांचा वरचा भाग शिवत होती. तेवढं एकच यंत्र. भिंतीला लाकडी फर्मे टांगले होते, म्हणजे ज्यावर बूट चढवतात ते लाकडी पाय. मी फर्मे पुष्कळ पाहिलेत, पण हे पुढून चांगलेच रुंद होते.

"हे असे कसे?" भांडायला आलो होतो, पण आधी हेच विचारलं.

"लातूरच्या बाजारात बसून मजुरांचे पाय कागदावर काढून आणले," नागोराव म्हणाले. "जन्मभर अनवाणी चाललेलं पाऊल पसरतं. तुमच्या शहरच्या फर्म्यात ते मावत न्हाई. मंग माणूस बूट काढून खांद्यावर टाकतो, अन् दगड पायावर घेतो. बसा, च्या घ्या."

मी बसलो नाही. पिशवीतला बूट काढून त्यांच्या पुढ्यात टाकला आणि येताना जुळवलेलं सगळं बोलून घेतलं. माणूस पडलाय, पाय मोडलाय, तुमचं नाव काळ्या यादीत जाणार. सुनेचं मशीन थांबलं. नागोरावांनी बूट उचलला, तळ उघडून आत बोट फिरवलं आणि बोट नाकाशी नेलं.

"करडीचं तेल," ते म्हणाले. "मुरवलंय."

"म्हणजे?"

"इकडं नवं पायताण (पादत्राण) घेतलं की तेलात घालतात. दोन दिस. चमडं मऊ पडतं, चावत न्हाई. शिवलेल्या वहाणेला त्यानं ताकदच येती. पण ह्यो तळ शिवलेला न्हाई. सोल्युशननं चिकटवलाय. तेल सोल्युशन खातं. आधी कळत न्हाई, अन् मंग एकदाच सोडतं." त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "हे आमी तुम्हाला कळवलं व्हतं."

सून ओसरीवरून म्हणाली, "पत्र मीच लिव्हलं व्हतं."

मला ते पत्र लख्ख आठवलं. नमुन्याचा पहिला जोड आला तेव्हा त्याच्या तळाला काठाकाठाने जाड शिलाई होती. मी कार्डावर लिहिलं होतं, 'शिलाई दिसता कामा नये, गावठी दिसते. कारखान्यात करतात तसा तळ चिकटवा.' त्यावर पत्र आलं की इकडची माणसं बूट तेलात घालतील, शिवूनच देऊ का. दुकानात चार जणांना वाचून दाखवत मी पोट धरून हसलो होतो. बूट तेलात! कष्ट टाळायचा बहाणा, असं म्हणून मी पुन्हा एक कार्ड टाकलं होतं, 'सांगितलं तसं करा.'

"एकट्यानंच तेल घातलं असंल?" नागोरावांनी विचारलं. मग स्वतःच मान हलवली. "न्हाई. एका दिशी मिळाले तर एका दिशीच घातलं असंल समद्यांनी. म्हंजी समदे आता सुटायला आलेत."

बाकीचे पक्के आहेत, काळजी करू नका, असं मी सकाळीच सांगून आलो होतो.

पोस्टात धावत जाऊन ट्रंककॉल लावला. कचेरी बंद झाली होती, घंटी नुसती वाजत राहिली. पहाटेच्या पहिल्या एसटीत बसलो तेव्हा नागोराव बरोबर होते. त्यांच्या मांडीवर हत्यारांची पिशवी आणि झाकणाचा पत्र्याचा डबा होता. डब्यात पाण्यात भिजत घातलेलं कातडं. तळ शिवायचा तर चमडं ओलं लागतं, म्हणाले. अख्ख्या रस्त्यात एवढंच बोलले.

लातूरला इंजिनिअरसाहेब कचेरीत शिरतच होते. बूट नागोरावांनी केलेत हे आणि तेलाचं मी त्यांना सांगितलं. कार्डाचं नाही सांगितलं. ते घड्याळ बघून म्हणाले, "अकराला सुरुंग आहे. धूर बसला की माणसं उतरतात." इतर विहिरींवर निरोप धाडून त्यांनीच जीप काढायला लावली.

औशाच्या पुढे जीप तापली. झाकण उघडलं तर वाफेचा लोट. जवळच्या वस्तीवर मी पाणी मागायला पळालो. दारातल्या म्हातारीने घागर पदराआड घेतली. "गाडीला पानी? लेकरांना न्हाई बाबा," म्हणाली. मी तिच्यावर चिडलो, आणि चिडल्याची लाजही वाटली. परत आलो तर नागोरावांनी डब्यातलं कातडं काढून खांद्यावर टाकलं होतं आणि ते आंबूस वासाचं पाणी ते जपून जीपमध्ये ओतत होते.

गावाबाहेर पोहोचलो तेव्हा सुरुंग उडून गेला होता. विहिरीच्या तोंडाशी अजून करपट वास येत होता. मुकादम शिवलिंगअप्पा पुढे आले.

"माणसं वर आहेत ना?" साहेबांनी विचारलं.

"नऊ जण उतरले की मघाशीच."

"बुटांना तेल घातलं होतं का? सगळ्यांच्या?" मी ओरडलो.

"हौदु (होय)! मीच आणलं घाण्यावरनं. नव्या पायताणाला तेल न्हाई द्याचं तर काय द्याचं?"

काठावर जाऊन वाकून पाहिलं. खोल खाली फुटलेला, धारदार खडक, त्यात माणसं टोपल्या भरत होती. आणि शिडीवर, निम्म्यावर, एक जण वर चढत होता.

"माणिक हाय," अप्पा म्हणाले.

त्याच्या उजव्या बुटाची टाच प्रत्येक पायरीला उघडत होती, मिटत होती. मी हाक मारायला तोंड उघडलं तर नागोरावांनी माझा दंड दाबला. ते काठावर पालथे झोपले आणि शेजारच्याशी बोलावं तशा आवाजात म्हणाले, "माणिक, थांब बाबा. पाय उचलू नको. हातानं शिडी धर. हाव, तसंच. खालच्यानं वर यायचं, आपले बूट काढून, अनवाणी."

खाली कुजबुज झाली. एका मजुराने बूट उतरवले आणि अनवाणी पायांनी शिडी चढून तो माणिकच्या खाली आला. त्याने डावा बूट हळूच ओढून काढला. मग उजवा धरला. ओढताच तळ त्याच्या हातात आला आणि बूट माणिकच्या पायातच राहिला. तळ हातातून सुटून खाली खडकावर पडला, त्याचा आवाज वर यायला वेळ लागला. अप्पांनी "शिव शिव" म्हटलं.

एकेक करून नऊही जण वर आले. खडकाने चिरलेल्या पायांचे ठसे दगडांवर लाल उमटले होते. साहेबांनी निघालेले बूट टोपलीतून वर घेऊन ओळीने मांडायला लावले. नुसत्या अंगठ्याच्या जोराने सात बुटांचे तळ उघडले. साहेब नागोरावांकडे वळले. "हे असं चिकटवायला तुम्हाला कुणी सांगितलं?"

नागोराव रापी दगडावर घासत होते. त्यांनी मान वर केली नाही आणि माझं नावही घेतलं नाही. मला वाटलं होतं ते सांगतील. त्यांनी सांगितलं असतं तर मला सोपं गेलं असतं.

"मी सांगितलं," मी म्हणालो. "शिलाई गावठी दिसते म्हणून. यांनी पत्र लिहून नको म्हटलं होतं. ते पत्र वाचून मी हसलो." इंजिनिअरसाहेबांनी वहीत काहीतरी लिहिलं आणि या वेळी माझं पूर्ण नाव विचारलं.

पुढचे तीन दिवस विहिरी बंद राहिल्या. नागोराव बाभळीखाली बसून तळ शिवत होते. आरीने भोक पाडायचं, दोन बाजूंनी दोरा घालायचा, दोन्ही हातांनी आवळायचा. मी दोऱ्याला मेण लावून देत होतो. पहिल्याच दिवशी माझी बोटं फुटली. मजूर येऊन शिलाईवरून अंगठा फिरवायचे आणि मगच बूट पायात घालायचे. असं बूट बघणारं गिऱ्हाईक मला पुण्यात तेरा वर्षांत भेटलं नव्हतं. दुपारी अप्पांच्या घरून ज्वारीची भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी यायची. ती सगळे एकाच फडक्यावर खायचो, आणि कुणी मला एका शब्दाने टोचलं नाही.

निघायच्या दिवशी पुन्हा दवाखान्यात गेलो. धोंडिबाला डॉक्टरांनी सांगितलं होतं की पाय जुळेल, पण शिडी आता जन्मात चढायची नाही. "तेलानं झालं म्हनतात," तो म्हणाला. "समद्यांच्या बुटात मीच वतलं व्हतं साहेब, माझ्या हातानं. माणिक वाचला, न्हाई तर तोंड दाखवायला जागा नसती."

मी त्याला कार्डाचं सांगितलं, पत्राचं सांगितलं, हसल्याचंही सांगितलं. शांताबाई उठली, तिने त्याच्या पायावरचं पांघरूण सारखं केलं. तिच्या आवाजात राग नव्हता.

"आता कुणाचं पत्र आलं तर हसू नका," ती म्हणाली.

पुण्याला परत आलो. अजूनही गिऱ्हाईक बूट हातात घेतं आणि विचारतं, कानपूरचा ना? मी नांदेडचा म्हणून सांगतो. मग ते बूट उलटा करतं, काठाची शिलाई बघतं, आणि बरेच जण तो हसून खाली ठेवतात.