गळा, मागून खोल
गल्लीत तिला टाचणीताई म्हणत. कपडे शिवणाऱ्या या बाईच्या ओठांत सदा चार टाचण्या असत आणि बोलणं दातांतून गाळून बाहेर येई. स्वभावाने मात्र मोकळीढाकळी. गिऱ्हाइकाच्या कमरेचं माप ती कधी मोठ्याने उच्चारत नसे, आणि बायकांना एवढं पुण्य पुरतं.

तिचं जमत नव्हतं ते एकाच माणसाशी. समोरच्या घरातले निवृत्त साहेब आपली गाडी नेमकी तिच्या दुकानाच्या दारात लावत. एका सकाळी त्यावरून दोघांची चांगलीच जुंपली. त्याच दुपारी साहेबांच्या फोनवर ताईचा व्हॉइस मेसेज आला, "तुमचा गळा आज कापून टाकते. मागून खोल घेते, पुढून बेताचा. हातांचं उद्या बघते. परवा फिटिंगला या."

निरोप होता साहेबांच्या बायकोला. ड्रेस शिवायला टाकताना तिने नवऱ्याचा नंबर दिला, आणि मग अचानक बहिणीकडे निघून गेली. हे ताईला कुठून ठाऊक? आणि साहेबांना गळा एकच माहीत, स्वतःचा. ते तडक पोलिसांत गेले.

बायकोला कळलं तेव्हा ती फोनवर पोट धरधरून हसली. साहेब जास्तच चिडले. हसं होण्यापेक्षा खटला बरा, असं मानणारी माणसं असतात. फिर्याद मागे घ्यायला ते काही तयार होईनात. पोलीस ताईची मोठी कात्री घेऊन गेले आणि 'तपास चालू आहे' एवढंच सांगत राहिले. इकडे गिऱ्हाइकं विरळ झाली. घरमालकाने तर बजावलंच, "महिनाअखेर हे लचांड मिटलं नाही, तर दुकान खाली करा." जिथे उभं आयुष्य गेलं ती खोली जाणार, या धास्तीने ताईला अन्न गोड लागेना.

शेवटी वकील असलेली भाची म्हणाली, "मावशी, तपास संपायची वाट बघत बसायचं नाही. फिर्यादच रद्द करा, असं वरच्या कोर्टाला सांगू."

"अगं, पण खरं-खोटं तपासातच कळणार ना?"

"खरं-खोटं करण्यासारखं काही असेल तर. तेव्हा कोर्ट मध्ये पडत नाही, पडूही नये. नाहीतर चोरसुद्धा आधीच सुटून जातील. पण फिर्यादीतला शब्द न् शब्द खरा धरूनही गुन्हा होत नसेल, तर तपास कशाचा करायचा?"

कोर्टात सरकारी वकील उठून म्हणाले, "तपास अर्धवट आहे. आत्ताच त्याचा गळा घोटू नये." मागच्या बाकावर कुणीतरी फिस्सकन हसलं.

न्यायाधीशबाईंनी चष्मा सारखा केला. "सगळं खरं धरू. आरोपी कपडे शिवते, हे फिर्यादीतच आहे. ती दातओठ खात बोलली, तेही मान्य. आता मला सांगा, जिवावर उठलेलं माणूस गळा 'पुढून बेताचा' कशाला कापेल?"

सरकारी वकील कागद चाळू लागले. साहेबांनी मान खाली घातली.

"तपासातून याहून वेगळं काय निघणार? आणि तो संपेपर्यंत या बाईंनी काय करायचं?" असं म्हणून न्यायाधीशबाईंनी फिर्याद रद्द केली.

"निर्दोष सुटले ना गं?" ताईने बाहेर येताच विचारलं.

"त्याहून बरं, मावशी. गुन्हाच नव्हता."

ताई तिथेच पायरीवर बसली आणि रडली, आनंदाने, कुणाची भीडभाड न ठेवता.

संध्याकाळी ती दुकान उघडत होती तोच घरमालक खाली आला. भाचीने निकाल वाचून दाखवला. तो हं-हं करत ऐकत होता, एवढ्यात वरच्या गॅलरीतून त्याची बायको ओरडली, "ताई, माझा गळा कधी कापताय?"

सगळी गल्ली थबकली. मग हास्याचा असा स्फोट झाला की घरमालकालाही तोंड लपवावं लागलं.

"आधी तिचा कापा," तो कसाबसा म्हणाला. "दुकान कुठे जात नाही."

ताईने ओठांतल्या टाचण्या काढून हातात घेतल्या आणि वर बघून खणखणीत आवाजात विचारलं, "खोल की बेताचा?"