गुडघ्याच्या गोळीचे समालोचक

हातात कुठलीही वस्तू आली की आबा तिच्यावर दोन टिचक्या मारून फुंकर घालायचे. माइक असो की मक्याचं कणीस. एकदा आमच्या डॉक्टरीणबाईंनी त्यांच्या छातीला स्टेथोस्कोप लावला, तर तोच उचलून म्हणाले, "हॅलो, हॅलो! माइक टेस्टिंग!" बाईंच्या कानात दिवसभर शिट्टी वाजत होती.

पोलादपूरकडच्या टेनिस चेंडूच्या क्रिकेट स्पर्धा तुम्ही पाहिल्या असतील, तर आबांचा आवाज ऐकलाच असेल. कॉमेंट्री तेच करायचे. चेंडू ओढ्यात हरवला तर शोधणाऱ्यांची कॉमेंट्री, आणि वाटेत म्हैस दिसली तर म्हशीचीही.

मी तेव्हा महाडच्या एका दवाखान्यात या डॉक्टरीणबाईंच्या हाताखाली कामाला होते. तिथे गुडघेदुखीच्या नव्या गोळीची जुनीशी तुलना करणारी चाचणी सुरू झाली होती आणि लोकांना ती समजावून सांगणं हे माझं काम. पण ऐकणार कोण? कुडपण गावात एक आजी म्हणाल्या, "उंदीर मिळाला नाय म्हणून आमाला धरतेस काय गो?" आणि दुखऱ्या गुडघ्यांनी अशा पळाल्या की गोळीची गरजच काय, असं मला वाटलं.

आबांचेही गुडघे दुखायचे. त्यांनी माझी उलटतपासणीच घेतली.

"नवी गोळी कुणाला, जुनी कुणाला?"

"ते चिठ्ठ्या टाकल्यासारखं ठरतं, आबा. कुणाला कुठली मिळाली ते डॉक्टरांनाही कळत नाही."

"म्हंजे टॉस! आणि मधेच सोडली तर?"

"खुशाल सोडा. बाकीचे उपचार चालू राहतील."

आबांनी संमतीपत्रावर सही केली आणि कुणी न सांगता आमचे प्रचारक झाले.

गावच्या केबल चॅनलवर त्यांनी डॉक्टरीणबाईंची मुलाखत घेतली. पहिलाच प्रश्न, "ही गोळी तुमच्या आईला द्याल काय?"

बाई गडबडल्या. मग म्हणाल्या, "तिला विचारीन. नाही म्हणाली तर गप्प बसेन."

"नॉट आउट!" आबा कॅमेऱ्याकडे वळून ओरडले. "मंडळी, तुम्ही पण विचारा गो, विचारा रे! विचारायला इंजेक्शन लागत नाय!"

मग तुडील गावात चाचणीची माहिती द्यायला सभा ठरली, आणि दोन दिवस आधी आबांचा फोन आला. "बाय, माझं तोंड सुजलंय. बायको ओळखत नाय, पण जेवायला वाढते."

आम्ही धावलो. बाईंनी गोळी बंद केली, त्यांना दवाखान्यात ठेवून घेतलं. धोका टळला, पण तोंड भोपळ्यासारखंच राहिलं.

"आबा, आता तुम्ही चाचणीतून बाहेर," बाई म्हणाल्या.

"आउट?"

"आउट."

तरी सभेला यायचा त्यांचा हट्ट. सभा चॅनलवर दाखवणारा केबलवाला घाबरला. "हे तोंड दाखवलंत तर एक माणूस थांबणार नाय."

बाई म्हणाल्या, "लपवलं तर उद्या कुणीच येणार नाही."

आबा माइकपुढे उभे राहिले. पुढच्या रांगेतल्या बायका दचकल्या.

"मंडळी, हे तोंड माझंच हाय. गोळीनं सुजलं. नवी का जुनी, ते थर्ड अंपायरला पण ठाव नाय. फोन केला, तशी बाई धावत आली. मी चाचणी सोडली, कुणी अडवलं नाय, उलट इलाज केला. तुमाला घ्यायची तर घ्या, नायतर नका घेऊ."

मग मागून एका म्हाताऱ्याने विचारलं, "गोळीवर मासळी चालंल काय?"

आणि प्रश्नांचा धबधबा सुटला. काहींनी सही केली, काहीजण सुनेला विचारून आले, काहीजण नाहीच म्हणाले. पण पळालं कुणी नाही.

निकाल लागला तोवर मुलगा आबांना मुंबईला घेऊन गेला होता. मी फोन केला.

"नवी गोळी जुनीपेक्षा काही सरस निघाली नाही, आबा."

पलीकडे आबांनी फोनवर दोन टिचक्या मारल्या.

"हरली बिचारी," ते म्हणाले. "सगळ्यांना सांगितलंस?"

"घरोघरी जाऊन."

"मग बरं झालं." पुढे म्हणाले, "इथं खाली मी बसतो त्या बाकड्यापुढं लिफ्ट हाय, तिच्यामधी एक बाई बोलते गो. दार बंद होतंय म्हणून सांगते. मी रोज काय काय विचारतो, पण उत्तर देत नाय."

तेवढ्यात लिफ्टचं दार उघडल्याचा आवाज आला. आबा फोन ठेवायला विसरले. कुणाला तरी म्हणत होते, "लंगडतोस का रे? बस हितं, मला सांग."

मी फोन कानाला तसाच धरून ठेवला.