दिबोरचा डावा बूट

कोलोबानच्या गाडीतळावर सिगा रोज सकाळी चवळीची उसळ पावात भरून विकायची. हात पावात, पण डोळे रस्त्यावर. धाकट्या भावाची, लातीरची, निळी-पिवळी प्रवासी गाडी निघून गेली की मागे लोंबणारा चिमुकला बूट दिसेनासा होईपर्यंत ती बघत राहायची. गिऱ्हाइकं खोळंबायची. खोळंबू देत.

त्या गाडीला पुढे दोन टपोरे डोळे काढलेले, बगलेला सिंह, फुलं आणि मधोमध ठसठशीत नाव, दिबोर. दिबोर सिगाची लेक. नुकती कुठे चालायला लागली होती, तापाचं निमित्त झालं अन् गेली. दृष्ट लागू नये म्हणून गाडीमागे लेकराचा बूट टांगतात, तो मागायला लातीर बहिणीकडेच आला. तिने डावा दिला, उजवा पेटीत ठेवला. गाडी मोडीत जाईल त्या दिवशी बूट तुझ्या हातात आणून देईन, असं तो आईच्या देखत बोलला होता.

पुढे जुन्या गाड्या मोडीत देऊन नव्या पांढऱ्या घ्यायची टूम निघाली. लातीरची गाडी दिसेना. विचारलं तर म्हणे, इंजिन उतरवलंय. सिगा भोळी, रंगाऱ्याकडे गेली. म्हटलं, गाडी उभीच आहे तर लेकीचं नाव उजळून घ्यावं.

रंगारी बिरान खाली मान घालून ब्रश पुसत राहिला. "गाडी कधीच मोडीत गेली, ताई. मी म्हटलं होतं त्याला, बूट तेवढा सोडवून घे. तर म्हणाला, अक्काला काय कळतंय."

सिगा तशीच तळावर आली. लातीर नुकत्याच मिळालेल्या कोऱ्या पांढऱ्या गाडीची काच पुसत होता. ना डोळे, ना सिंह, भिंतीसारखी गाडी.

"बूट कुठाय?"

"राहिला गं गडबडीत." तो काच पुसतच होता. "एवढं काय, अक्का? दुसरा आहे ना तुझ्याकडे."

ती वळली आणि घरी गेली. उजव्या बुटाची पेटी उघडली नाही.

दुसऱ्या दिवशी लातीर नेहमीसारखा रांग मोडून पुढे आला. पहिला पाव त्याचा, कांदा जास्त, ही जुनी रीत. सिगाने त्याला रांगेच्या शेपटाला उभं केलं. पाळी आल्यावर विचारलं, "काय देऊ, ड्रायव्हरसाहेब?"

लोक हसले. लातीरही हसला. मग त्याने तिच्या तोंडाकडे पाहिलं, आणि त्याचं हसू तिथंच विरलं.

पांढरी गाडी निघाली तेव्हा सिगाचे हात पावात होते. डोळेही.