हरप्रियाची कुलूपबंद खोली

कटकला हायकोर्टात तारीख असली, तरी हरप्रिया जेना कधी उपाशी निघाली नाही. जगन्नाथापुढे दिवा लावायचा, रात्री पाण्यात भिजत घातलेला पखाळभात वाडगाभर खायचा आणि बस धरायची. "भीक मागायला थोडीच चालले, तोंड सुकवून जायला?" म्हणायची.

विद्यापीठात कागदांवर चिकटवलेली वाळकी झाडपानं सांभाळायचं तिचं काम. सव्वीस वर्षं केलं. दर महिन्याला एकेक कागद उलटून बघायचा, कीड दिसली की बाजूला काढायचा. मग साहेबलोकांना बैठकांसाठी ती खोली हवी झाली आणि हरप्रियाला घरी बसवलं. ती कोर्टात गेली. हिला त्याच खोलीत, त्याच कामावर परत घ्या, असा हुकूम निघाला. विद्यापीठानं घेतलं, पण हजेरीपुरतं. खोलीला कुलूप आणि बाहेर व्हरांड्यात एक खुर्ची. दोन महिने तिथे बसल्यावर तिनं कोर्टाच्या अवमानाची केस घातली.

सुनावणीच्या दोन दिवस आधी कुलूप निघालं. कोणीतरी तिच्या हातात पान चिकटवलेला एक कागद दिला, फोटो काढला आणि पुन्हा कुलूप.

कोर्टात तोच फोटो पुढे आला. कुलसचिव कानुनगोंना जातीनं हजर राहावं लागलं होतं. त्यांचे वकील म्हणाले, "हुकूम पुरेपूर पाळलाय. बाई तीन महिने रोज हे कागद सांभाळताहेत. तरी काही चुकलं असेल तर साहेब माफी मागतील."

हरप्रियाचे वकील पाणिग्राही तिला अपा, म्हणजे ताई म्हणत. ते तिच्या कानाशी लागले. "अपा, घ्या माफी. मोठ्या माणसाशी किती दिवस भांडणार?"

"माफी घेऊन काय लोणचं घालू? मला आत जाऊ दे म्हणावं."

तिनं फोटो डोळ्यांजवळ धरला आणि कोणी न विचारताच उभी राहिली. पाणिग्राही "बसा, बसा" करत राहिले.

"हुजूर, हा कागद बघा. पान किड्यांनी चाळणीसारखं केलंय. खाली भुसा पडलाय. मी तीन महिने आत असते आणि असं झालं असतं, तर मला काढलं ते बरोबरच म्हणायचं. सव्वीस वर्षांत माझ्या हाताखाली एक पान असं गेलं नाही."

न्यायाधीशांनी फोटो मागवून घेतला. बराच वेळ पाहिला.

"किल्ली कोणाकडे असते?"

"माझ्या कार्यालयात," कानुनगो म्हणाले.

"तीन महिने?"

न्यायाधीशांनी फोटो खाली ठेवला.

"माफीचं नंतर बघू. आज चारच्या आत तुम्ही स्वतः जाऊन खोली उघडा, किल्ली बाईंना द्या आणि उद्या इथे येऊन सांगा. केस चालू राहील."

पावणेचारला खोली उघडली. डांबरगोळ्यांचा वास कधीच उडून गेला होता. कानुनगोंनी किल्ली तिच्या हातावर टेकवली. "झालं समाधान? भर कोर्टात मला उभं केलंत."

हरप्रियानं पदर खोचला. पहिल्या कपाटाची खालची फळी पोखरली होती. ऊन उतरायच्या आत ते कपाट व्हरांड्यातल्या उन्हात काढायलाच हवं होतं.

"उभेच आहात तर त्या टोकाला धरा, साहेब," ती म्हणाली. "आणि जपून. आत पानं आहेत."

त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. शिपाई कोणी नव्हता. त्यांनी धरलं.