अल्वीनेबाईचं मरण

बर्लिनच्या आमच्या चाळीतले हासेनकाम्प कादंबऱ्या लिहायचे. डोळ्यांना दिसेल तेच लिहायचं, हा त्यांचा बाणा. त्यासाठी ते तळघरात, धुणं चाललेलं असताना, स्टूल टाकून बसायचे. नव्या कादंबरीत आमच्या तळघरातली धोबीण अल्वीनेबाई क्षयाने मरते, हे त्यांनी तिलाच वाचून दाखवलं.

"अहो, मला साधा खोकला तरी आहे का?" तिने त्यांचीच सुटी कॉलर पिळत विचारलं.

"अशा ओलीत माणसं मरतातच, बाई. सत्य आहे ते."

"मग तुमच्या कॉलरी तुम्हीच धुवा, सत्यवान!"

मळकी कॉलर घालून हासेनकाम्पांनी आठवडाभर सत्य सांभाळलं. मग ते शरण आले. कादंबरीत अल्वीनेबाई जगली, तिचा दारुडा नवरा मेला.

हा नवा शेवट त्यांनी तिला वाचून दाखवला, तेव्हा नवरा शेजारीच बिअर पीत होता.

"हे मात्र छान जमलंय," बाई म्हणाली.