डीटरनी राखलेला काळोख

एखाद्याचा चेहरा उजेडात आणणं हा त्याच्यावरचाच अन्याय ठरू शकतो, असं तुमच्या कधी मनात आलंय का?

डीटर गेल्याचं त्यांच्या पत्नीने हॅम्बुर्गहून फोनवर कळवलं, त्याला महिना होत आला. रडता रडता त्या आणखी एक गोष्ट बोलल्या. एक वाहिनी श्रद्धांजली म्हणून डीटरचा दुबईतला माहितीपट पुन्हा दाखवणार आहे आणि त्यातलं एक ‘बिघडलेलं’ दृश्य संगणकावर उजळून घेणार आहे. तेव्हापासून मला धड झोप नाही. त्या काळोखात सदू बसला आहे.

डीटर जर्मन कॅमेरामन. सुरुवात टेलिव्हिजनच्या बातम्यांपासून, मग मालिका, मग सिनेमे. चेहऱ्यावर उजेड कसा पाडावा हे डीटरकडून शिकावं, असं त्यांच्या देशात म्हणत. नव्वदच्या दशकात ते टॉवरच्या आणि गाड्यांच्या जाहिराती करायला दुबईत आले. तिथेच त्यांनी बांधकाम कामगारांवर माहितीपट घेतला आणि मी दुभाषी म्हणून सोबत गेले. मी सोलापूरची, गिरणी कामगारांची पत्रकं वाटत वाढलेली. जे दडपलंय ते चव्हाट्यावर आणायचं, एवढंच मला ठाऊक.

एका शुक्रवारी सकाळी आम्ही कामगारांच्या कॅम्पमधल्या खोलीत शिरलो. परवानगी नव्हती. बाहेर पाऊल वाजलं की सगळे गप्प होत. सदू कोकणातला, शटरिंगचं, म्हणजे काँक्रीटचे साचे ठोकायचं काम करणारा. आई वारली तरी कंपनीने त्याचा पासपोर्ट हातात दिला नव्हता; तेच तो सांगणार होता. पठ्ठ्या नवा शर्ट घालून, तोंडाला पावडर लावून तयार! डीटरनी त्याला खिडकीकडे पाठ करून बसवलं आणि खोलीतला दिवा मालवला. बाहेरच्या उन्हापुढे त्याची नुसती काळी आकृती उरली.

“ताई, या गोऱ्याला विचारा, पावडर काय भुताला दाखवू?” सदू भडकला. “माझं तोंड दिसू दे. मी काय चोरी केलीय?”

मलाही ते पटलं. मी डीटरना तसं सांगितलं. ते हळूच म्हणाले, “तरुणपणी मी एक संप चित्रित केला होता. चेहरे फार सुंदर आले होते. मालकांनी तेच बघून माणसं हुडकली...”

मी हे सदूला मराठीत सांगितलं. त्याने बाहीने तोंडावरची पावडर पुसली. “बहिणीचं लग्न व्हायचंय,” तो म्हणाला. “राहू दे काळोख.”

निघताना फाटकाशी सुपरवायझरने गाडी अडवली. “टेप दिखाओ. अभी!”

डीटरनी निमूट टेप लावली. सुपरवायझरने कॅमेऱ्याला डोळा लावला. सदू मराठीत बोलत होता, ते त्याला कळत नव्हतं. कॅम्पमधल्या सगळ्या खोल्या, सगळ्या खिडक्या सारख्याच.

“कौन है ये?”

“मालूम नहीं.” मी म्हणाले.

तो पुन्हा बघत राहिला... आणि हसला. “हबीबी, इसमें तो कुछ दिखता ही नहीं! जर्मनी में ऐसे कॅमेरामन होते हैं? यल्ला, जाओ.”

“सॉरी सर,” डीटर मान खाली घालून म्हणाले. “व्हेरी बॅड कॅमेरामन.”



पुढे त्यांच्याकडच्या समीक्षकांनी ते दृश्य ‘थकलेल्या कॅमेरामनचं काम’ ठरवलं. डीटरनी शेवटपर्यंत खुलासा केला नाही. आता वाहिनीला वाटतंय, आपण त्यांची चूक सुधारतो आहोत. सदू अजून त्याच कंपनीत आहे. हे त्याचं नाव खरं नाही, पण चेहरा खरा आहे आणि तो ओळखायला एक नजर पुरते.

डीटरच्या पत्नीने वाहिनीला पत्र लिहिलंय. एकट्या बाईचं पत्र सहज बाजूला सारता येतं. पत्रांचा गठ्ठा सारता येत नाही. म्हणून विनंती आहे. एक पोस्टकार्ड घ्या. त्यावर लिहा : ‘तो काळोख उजळू नका.’ सदूचा उल्लेख नको. खाली तुमचं नाव आणि गाव घाला, ते या पुरवणीच्या पत्त्यावर पाठवा. इथून पुढे पोचवायचं काम माझं. फक्त आजच टाका.